त्या हौदाची साखर

माझं मूळ विचाराल तर आजा रत्नागिरीकडला, गाव कोन्तं ते त्यानं माझ्या बापाला सांगितलं, बापानं मला सांगितलं आन् म्या इसरले, आता काय सांगू तुमाला मास्तरीणबाई, रागावू नका. तुमी व्हाकोआ शहराच्या, शिकलेल्या, तुमचे मालक सरकारी नोकरीत, तुमाला ह्या गोष्टी पाठ असतील. म्या जन्मले इस्टेटीच्या काँमदी, काँ म्हंजे मजुरांची दगडी खोल्यांची रांग, शमें ग्रेनिएच्या खालच्या अंगाला, आता ती रांग पाडली, तितं बी ऊस लावला. बाप बैलगाडीवर ऊस वाहायचा, आई खुरपायला जायची. बैठकात, म्हंजे संध्याकाळच्या मराठी साळेत, पोरगे शिकायचे, आमी पोरी भाईर उभ्या राहून आरती ऐकायचो, तेवढंच माझं मराठी, बाकी सगळं क्रिओल, इतली बोली. तुमच्यासारखं शुद्ध नाय बोलता येत, समजून घ्या.

ह्या बेटावर दुसरं हाय तरी काय, सांगा. डोंगराच्या पायापासनं दर्यापत्तुर ऊस. तांदूळ ब्रह्मदेशाचा, डाळ हिंदुस्थानची, तेल कुटलं देव जाने, सुका मासा सुद्धा बोटीतनं उतरतो, आन् आमच्या हाताची साखर जाती बिलायतेला. आमी खातो ते पिकवत नाय आन् पिकवतो ते खात नाय. माझा बाप म्हनायचा, पोरी, बोट बुडाली तर आमी साखर खाऊन मरनार. हसायचा असं बोलून. आमाला बी हसू यायचं, तवा हसायची सवय व्हती.

लगीन झालं ते बी काँमदीच. आमचे हे, नाव नाय घेत म्या, लिझिनमदी कामाला व्हते. लिझिन म्हंजे आमची साखरेची गिरनी. तितं ऊस चिरडला की रस हौदात येतो, त्यात चुना टाकत्यात, रस तापवत्यात, मळी वर येती, ती झाऱ्यानं काढायची, ते काम ह्येंचं. हौदावर फळी आडवी, फळीवर माणूस, खाली रस रटरटतोय. तुमी म्हनाल भ्या नाय वाटायचं? म्या बी इचारलेलं. ते म्हनले, पहिली लाकूप वाटलं, मग नाय वाटलं. लाकूप म्हंजे तोडीचा हंगाम. घरी आले की अंगाला गोड वास, सदरा खुंटीला टांगला की मुंग्यांची रांग लागायची भिंतीवर, शेजारनी मला चिडवायच्या, अगो तुझा घोव चाटून बघ, गोड हाय काय. म्या लाजायची. त्यांना च्या सुद्धा अशी लागायची की चमचा उभा राहील, म्या म्हनायची दिवसभर साखरेत असता, घरी तरी दमानं घ्या, तर म्हनायचे, तितली साखर मिस्येची, ही माझी. मिस्ये म्हंजे इस्टेटीचा गोरा साहेब.

लाकूपमदी लिझिन थांबत नाय बघा. दिस नाय, रात नाय, रविवार नाय. ऊस तोडला की वाळतो, रस काढला की आंबतो, म्हनून थांबायचं नाय. गनपती आला तरी थांबत नाय, आमच्या मरगट्ट्यांच्या, म्हंजे मराठी लोकांच्या पोरांनी झाकरी नाचायची तर पाळी सांभाळून नाचायची. तेवढं ध्यानात ठेवा, लिझिन थांबत नाय, पुडं सांगते कशापाई ते.

मोठं वादळ झालं ना, छपरं उडाली, ऊस आडवा झाला, आमी समदे साळेच्या इमारतीत राहिलो, तर त्याच्या दुसऱ्या सालची लाकूप. ऊस चांगला आला व्हता, मिस्येला घाई, मागल्या सालचं भरून काढायचं. म्या शेतात व्हते, शेनखताची पाटी डोक्यावर, तर सिर्दार, आमचा मुकादम, धावत आला, त्यो कंदी धावत नसे, पोट मोठं त्येचं, म्हनाला पाटी टाक आन् चल. म्या पाटी टाकली नाय, हळू उतरवून ठेवली, का ते ठाव नाय. त्यानं वाटेत सांगितलं, फळी सरकली. एवढंच. आयो, मला वाटलं पाय मोडला आसंल, मनात म्हनलं मोडू दे पाय, घरी बसतील, म्या खाऊ घालीन.

लारीत घालून इस्पितळात नेत व्हते त्यांना. राघू म्हनून त्यांचा जोडीदार, त्यानं वढून काढलं भाईर, त्याचे बी हात भाजले कोपरापत्तुर. ह्येंच्या अंगावर केळीची पानं टाकली व्हती, म्या पानं उचलली नाय, सिर्दारनं हात धरला माझा. लारी निघाली तवा म्या मागं बघितलं तर लिझिनच्या धुराड्यातनं धूर चालूच व्हता. जसा रोज तसा. म्या सिर्दारला म्हनलं, अजून चालू हाय? त्यो म्हनाला, बाई, आता तसलं नको बघू. दुसऱ्या दिशी दुपारला ते ग्येले. पानी मागितलं, माझं नाव घेतलं, सुमतीचं घेतलं, सुमती आमची एकुलती, आन् संपलं. अजून बी त्या धुराचा राग येतो मला, बाई, मरनाचा नाय येत तेवढा.

आता तेराव्याची गोष्ट ऐका. आपल्यात कसं, तेराव्याला गोडाचं जेवान करायचं, घरच्यांनी गोड खायाचं, मग सुतक फिटतं, तवर घराला शुभ कार्य नाय. तर मिस्येनं गाडी पाठवली, कारकून आला, तांदूळ आनला आन् साखरेची आख्खी गोनी आनली, जेवनाला म्हनून. लोक म्हनाले बघ, मिस्ये कसा माणूस हाय, कोन देतो. म्या गोनी बघितली, घायपाताच्या दोऱ्याची, तोंड शिवलेली, आन् माझ्या मनात एकदम आलं, ज्या हौदात ते पडले त्या हौदाचं काय केलं? म्या कारकुनाला सरळ इचारलं. त्यानं सिर्दारकडं बघितलं, म्हनाला, वुइ वुइ, व्हय व्हय, ओतून दिलं, समदं ओतून दिलं. सिर्दार म्हनाला नदीत सोडलं. एक फिटर व्हता त्यो म्हनाला दारूच्या भट्टीला पाठवलं. राघू तितंच उभा, हात बांधलेले, त्यानं खाली बघितलं आन् निघून ग्येला, त्यानंतर आमच्या दारात आला नाय.

तवा म्या म्हनलं, मला खरं कळल्याबिगर साखरेचा कन तोंडात घेनार नाय. जाऊबाईनं खीर केली, समद्यांनी खाल्ली, म्या नाय खाल्ली. दीर म्हनाले, वयनी, आसं करू नका, घरचं सुतक तसंच राहील. राहू दे म्हनलं.

आन् राहिलं, बाई. सालामागनं सालं ग्येली. काय सांगू तुमाला, साखरेच्या बेटावर साखर नाय खायाची म्हंजे काय ते. कुनाकडं ग्येलं की च्या पुडं येती, नाय म्हनायचं. बारसं, नाय म्हनायचं. गनपतीला मोदक नाय, गूळ तर इतं मिळतच नाय, केळी ठेवायची देवापुडं आन् म्हनायचं बाबा, माफ कर. बुतिक म्हंजे दुकान, तितला चिनी लई चांगला माणूस, मला समजवायचा, मादाम, ती साखर कवाच लोंद्राला, बिलायतेला पोचली, ही औंदाची. म्या म्हनायची, आस्सं? तू बघितलीस बोटीत चढताना? तर त्यो माझा तांदूळ मोजायला लागायचा.

माझं ठीक, म्या बाईमानूस, जगले काय आन् मेले काय. पन सुमती. ती बी माझ्याबरूबर बिनसाखरेचा च्या प्यायची, म्या सांगितलं नव्हतं तिला, लेकरानं आपल्या मनानं धरलं. लगनाची झाली तर कोन येईना. पोरगी देखनी, कामसू, पन लोक म्हनायचे त्या घरचं सुतक फिटलं नाय, त्या घरची पोरगी कशी करायची. ब्रीझे वेर्दिएरहून एक मागनं आलं व्हतं, आमच्या उंबऱ्यापत्तुर आले, कुनीतरी कान भरले, परत ग्येले. दिरांनी डोक्याला हात लावला. वयनी, मेलेल्यापाई जितीला मारताय तुमी, म्हनाले. खोटं बोलले नाय ते. पन म्या घास उचलायला जायची आन् मला त्यो हौद दिसायचा, काय करू? कि पू फेर, सांगा.

मग एक दिस राघू दारात. केस पिकलेले. संगं बायको काशी. म्हनाला, वयनी, माझ्या विनायकला तुमची सुमती मागायला आलोय. म्या इचारलं, पोरगा काय करतो? लिझिनमदी हाय. म्या हसले, खरं सांगते, मोठ्यानं हसले, ती काशी घाबरली. दुसरं काम नाय का मिळालं, तर राघू म्हनाला, हाय कुटं वयनी, सात यत्ता शिकला तरी कुटं हाय. ते बी खरं. मग म्या म्हनलं, राघूभावजी, पोरीचं राहू द्या, आदी मला एक सांगा, तुमच्या विनायकच्या डोक्यावर हात ठेवून बोलल्यासारखं सांगा, त्या दिशी हौद सोडला का?

राघूनं हात पुडं धरले. कोपरापत्तुरच्या त्या भाजलेल्या हातांकडं बघत व्हता. मग म्हनाला, नाय वयनी. सोडला नाय. म्या मिस्येला म्हनलं व्हतं हौद सोडा, माणूस पडलाय, तर त्यो म्हनाला मागनं रस येतोय त्यो कुटं ठेवू, आंबंल. फळी काढली, झाऱ्यानं वरचं काढून टाकलं, जाळी लावली आन् रस पुडं ग्येला. मला म्हनाले तू घरी जा, हात भाजलेत, पन हौदाच्या नळाची चावी जड, मलाच जमायची, म्याच फिरवली. त्याची साखर झाली, गोन्या भरल्या, बंदरावर ग्येल्या. म्या म्हनलं, तितं बिलायतेत कुनाला कळलं नसंल? तर म्हनाला, तितं कोन इचारतंय, तितं तिला परत धुऊन पांढरी करत्यात म्हनं.

धुऊन पांढरी करत्यात. म्या रडले, बाई, वरडले, मिस्येला शिव्या दिल्या, राघूला दिल्या, देवाला दिल्या. काशी पदर तोंडाला लावून बसली. राघू उठला नाय, समदं ऐकून घेतलं. दारामागं सुमती उभी, तिनं बी समदं ऐकलं. आन् दमले तवा म्या म्हनलं, घेऊन जा पोरीला. दीर म्हनाले, वयनी, हे काय, आत्ता शिव्या आन् आत्ता सोयरीक? तर म्या म्हनलं, इतक्या सालांत समद्यांनी मला गोड सांगितलं. खरं सांगणारं एवढं एकच घर निघालं, तितं द्यायची नाय तर कुटं द्यायची?

साखरपुडा आला. आता तुमाला ठाव हाय, साखरेबिगर साखरपुडा नाय. म्या रांडमुंड बाई, पुडं बसायचं नाय, म्या मागं चुलीपाशी बसले, पुडचं समदं दीर-जावेनं केलं. मला दिसत व्हतं दारातनं. काशीनं सुमतीची वटी भरली, पुडा हातात दिला, साखर तोंडात घातली, पोरीनं डोळे मिटून घेतले. मग ती काशी उठली आन् सरळ माझ्याकडं आली, बायका कुजबुजायला लागल्या. म्हनाली, इनबाई, तोंड उघडा. म्या मान हलवली. म्हनाली, नाय उघडलंत तर पोरगी आमच्याकडं सुतक घेऊन येनार. सुमती माझ्याकडं बघत व्हती. म्या तोंड उघडलं.

मला वाटलं कडू लागंल. वाटलं खारट लागंल, घशात अडकंल, वकारी यील. गोड लागली, बाई. नुसती गोड. पयल्यासारखी. माझ्या जिभेला पानी सुटलं, मला आजून पायजे असं झालं. तेवढ्यापाई म्या रडले, लोकांना वाटलं पोरीच्या सुखानं रडली, कुनी ढोलकी वाजवली. एवढी सालं म्या काय राखलं व्हतं, आन् जिभेला काय बी ठाव नव्हतं.

आता तुमी म्हनाल सुखाचं झालं. सुमतीला दिस ग्येलेत, जावई चांगला हाय, दारू पीत नाय. औंदा झेंडा बदलला, आपलं राज्य म्हनत्यात, भाषन ऐकायला म्या बी ग्येले व्हते. पन शेतात आता गवतावर दवा मारत्यात, खुरपायला बाया नको म्हनाले, मला घरी बसवलं, तवापासनं म्या लेक-जावयाकडंच राहते. आन् आता बोलत्यात की आमची लिझिन ल्हान, ती मोडायची, ऊस लांबच्या मोठ्या लिझिनला न्यायचा. मग विनायकनं कुटं जायाचं? तर बघा मास्तरीणबाई, जिनं माझा माणूस घेतला ती लिझिन बंद पडू नये म्हनून म्या रोज गनपतीपुडं हात जोडते. अशी येळ आनली देवानं. जोडते आन् मनात मला माझीच घान वाटती, आन् तरी जोडते.

बसा, उठू नका, च्या टाकलीय, साखर घातलीय तुमच्यात, माझ्यात बी घातलीय. विनायकची पाळी सुटायची हाय, त्यो येईपत्तुर म्या भाताला हात लावत नाय, सुमती रागावती, पन नाय लावत. तुमी देवमानूस, एवढं ऐकलंत. तुमचे मालक कचेरीतनं रोज संध्याकाळी आपल्या पायानं घरी येवोत. मोठं मागनं मागायला आता धीर व्हत नाय.