ऑपरेटरचा तिसरा निरोप

सन्माननीय अध्यक्षसाहेब, मंचावरचे पाहुणे आणि जुन्या मूकपटांच्या या छोट्या थिएटरवर जीव लावणाऱ्या रसिकजनहो,

मी पडद्याखाली बसून पियानो वाजवणारा माणूस. शाळा फारशी झाली नाही. जे शिकलो ते पडद्याकडे बघत. तेव्हा गोड मानून घ्या.

आमच्या ऑपरेटरसाहेबांचा हा तिसरा निरोप समारंभ. हसताय काय? मागच्या दोन्ही वेळा पुष्पगुच्छ दिला, डोळे पुसले, आणि शेवटी अध्यक्षसाहेब माइकवर म्हणाले, "आणखी एकच वर्ष!" तुम्ही टाळ्यांचा कडकडाट केला. भरल्या सभेत नाही म्हणायची त्या भिडस्त माणसाची काय बिशाद? गेला बिचारा पुष्पगुच्छासकट जिना चढून परत केबिनमध्ये.

सिनेमा दाखवायचं ते जुनं मशीन हातानं फिरवायचं. फिल्म पेट घेईल या धास्तीनं केबिनचं लोखंडी दार बंद, आणि दांड्यावरचा हात काढायची सोय नाही. पडद्यावर प्रेमात पडलेलं पोरगं मुलीच्या बापाला भिऊन कपाटात अडकतं, आपण पोट धरधरून हसतो. मग ती जोडी एकदाची भेटते, तेव्हा साहेबांचा हात हळूच मंदावतो. तुमच्या कधी ध्यानात आलंय? मला ताल बदलावा लागतो ना, म्हणून ठाऊक!

त्यांच्या सौभाग्यवती, आमच्या वहिनी, समोरच बसल्यात. लग्नाआधीपासून त्या याच रांगेत बसून सिनेमे बघतात. एकट्या. परवा मी म्हटलं, "वहिनी, साहेबांना आणखी वर्षभर कामावर थांबायला सांगा की."

तर म्हणाल्या, "भाऊजी, पडद्यावरचा तो कपाटातून सुटतो तरी. आमचे कधी सुटायचे? माझी नजर चाललीय. डॉक्टर म्हणतात, हिवाळ्यापर्यंत दिसलं तर दिसलं. एक सिनेमा तरी शेजारी बसून बघू द्या."

 

म्हणून अध्यक्षसाहेब, तुमचा मान राखून सांगतो, ते वाक्य आज नको. आणि रसिकहो, टाळ्या वाजवून त्यांना पुन्हा कोंडू नका.

आता सिनेमा आहे. आज पियानो वाजणार नाही, कारण पियानोवाला केबिनमध्ये असेल. अहो साहेब, बसा, बसा! वहिनींच्या शेजारची खुर्ची तुमची. माझ्या हातून नायिका धावेल, नायक रांगेल, फिल्म तुटेलही. शिव्या खुशाल मला द्या, पण अंधारात "ऑपरेटर!" अशी हाक कुणी मारू नका. तो माणूस सवयीनं उठेल.

मला बोलू दिलंत, आभारी आहे. बोलण्यातलं उणंदुणं पोटात घाला, मशीन फिरवण्यातलंही.

आणि वहिनी, दिवे मालवले की त्यांचा हात घट्ट धरून ठेवा.