लुसियाचे केस

मान खाली घे — एवढी नाही गं, टेबलाखाली काय सांडलंय ते शोधायला नाही बसलीस — हां, अशी. आता हलू नकोस. आरसा? आरसा नंतर. खुर्ची मी मुद्दामच भिंतीकडे फिरवून ठेवते, डोक्यावर औषध असताना बाई आरशात बघत बसली की उगाच घाबरते, मध्ये हात घालते, आणि काम बिघडलं की नाव माझं. तू दारातून आत आलीस तेव्हा काय म्हणालीस? ‘मारिता, कसंही करून हे गाजर माझ्या डोक्यावरून घालव, उद्या सकाळी लुसियाचा सण आहे, अख्ख्या गावासमोर चर्चच्या पायऱ्यांवर उभं राहायचंय.’ घालवते. शब्द देते तुला, इथून उठशील तेव्हा गाजराचा मागमूस राहणार नाही. पण केलंस काय गं तू हे? दुकानातून खोकं आणलंस, न्हाणीघरात उभी राहिलीस, आणि इतकी वर्षं रंग उडवून उडवून झिजलेल्या केसांवर परत ब्लीच चोपडलंस — मुळांशी अर्धवट, म्हणून मुळं गाजरासारखी केशरी, आणि टोकं तर — थांब, ही बट तुझ्या डोळ्यांसमोर धरते — ओली केली, आता ओढते — बघ कशी ताणली जाते, चघळून झालेल्या च्युइंगमसारखी, आणि सोडली तरी परत आत येत नाही. तुटली. बघितलंस? आवाजसुद्धा केला नाही बिचारीनं.

केस म्हणजे काय असतं माहीत आहे का तुला? नसेल, सांगते, नाहीतरी तुला आता इथे बसायचंच आहे. हेरिंग मासे साफ केलेत ना आयुष्यभर? तसलेच खवले असतात केसावर, अगदी बारीक, एकावर एक निजलेले. ब्लीच लावलं की ते सगळे उभे राहतात, औषध आत शिरतं आणि आतला रंग खायला लागतं — आधी तांबडं दिसतं, मग गाजर, मग लोण्यासारखं पिवळं — आणि रंग काही एकटा जात नाही गं, जाताना केसाचा आतला गरही घेऊन जातो. मागे उरते पोकळ काडी. तिच्यात वाटेल ते शिरतं आणि काहीच टिकत नाही. म्हणून मी म्हणते, फक्त नव्या मुळांना लावा, आधी उडवलेल्या केसाला परत शिवू नका. जहाल औषध घेऊन घाई करू नका, सौम्य घ्या आणि दम धरा. आदल्या दिवशी डोकं धुऊ नका, टाळूचं तेल टाळूला सांभाळतं. आधी एक बट करून बघा. आणि एकदा केलं की काही आठवडे त्या डोक्याला सुखानं जगू द्या. एका संध्याकाळी दोनदा — एका संध्याकाळी दोनदा तर मी शेजाऱ्याच्या चावऱ्या कुत्र्यालाही लावणार नाही. तू लावलंयस. नाही नाही, आजचं नाही म्हणत मी.

वास कमी येतोय? चांगलंच की. लिस्बेतच्या पार्लरमध्ये गेली होतीस ना आधी? वाटलंच मला — माझ्याकडे तू हौसेनं थोडीच येशील. जागा नाही म्हणाली? हो ना, लुसियाच्या आदल्या दिवशी अख्ख्या गावाला डोकं करून हवं असतं. दुपारची एक जागा होती तशी तिच्याकडे, पण सकाळी मीच तिला — जाऊ दे. काय? काही नाही. बरं, केला फोन! काल दुकानात रांगेत मी तुझ्या मागे उभी होते, तुझ्या मानेवरून गाजर लोंबत होतं, तेव्हाच ओळखलं की ही आता दारोदार फिरणार. लिस्बेतला म्हटलं, गुन्नेल आली तर माझ्याकडे पाठव. लिस्बेतनं का म्हणून विचारलं नाही. का विचारेल? तिलाही मुली आहेत.

आता का अंग चोरतेस? नाव घेऊ? तिंद्रा. माझी तिंद्रा. बघ, घेतलं, छत नाही कोसळलं. इतके हिवाळे गेले, तू मला रस्त्यात भेटलीस की बर्फाचं बोलतेस, मी तुला बर्फाचं बोलते, आणि दोघी आपापल्या घरी जातो — आपल्याकडे असंच चालतं, कोणी काही बोलत नाही, आणि न बोलता सगळं मिटलं असं तुझ्यासारखीला वाटत राहतं. त्या वर्षी डोक्यावर मेणबत्त्यांचा मुकुट घालून गाणारी लुसिया कुठली पोरगी होणार, यासाठी मंडळानं चिठ्ठ्या टाकल्या होत्या. आधी गावाची मतं घ्यायचे, पण दरवेळी सोनेरी केसांचीच पोरगी निघायची, म्हणून लोक कुरकुरले, म्हणून चिठ्ठ्या. आणि चिठ्ठी निघाली माझ्या पोरीची. सोळा वर्षांची होती. आवाज असा की चर्चचा कोरस बसवणारा म्हातारा बेंग्ट डोळे मिटून घ्यायचा. आणि केस कमरेपर्यंत, माझ्या आईवर गेलेले, पाइनच्या सालीसारखे तपकिरी. एक दिवस कधी मी त्यांना औषध लावलं नाही. आणि तू मंडळाची अध्यक्षबाई, तू तिला बाजूला घेतलंस आणि काय म्हणालीस? मला पाठ आहे. ‘तिंद्रा बाळ, लुसिया म्हणजे उजेड. डोक्यावर काळोख घेऊन उजेड कसा आणशील गं?’ आणि वर म्हणालीस, आईला सांगू नकोस, आईला एकदम चर्चमध्येच दिसू दे, किती आनंद होईल तिला.

तुझ्या न्हाणीघरात बसवलंस तिला. पहिल्यांदा लावलं, गाजर निघालं. असले गडद केस एका दमात पिवळे होतात थोडेच? ज्याला कळतं तो तिथे थांबतो. तू परत कालवलंस, परत लावलंस, वर टॉवेल गुंडाळून गरम हवा मारलीस. टाळू भाजत होती तिची. ती म्हणाली, जळतंय. तू म्हणालीस, सुंदर दिसायला थोडं सोसावं लागतं बाळ. मी तेव्हा घरी लुसियाचे केशराचे पाव भाजत बसले होते, तिला आवडतात म्हणून.

सकाळी मी चर्चमध्ये दुसऱ्या बाकावर. दिवे विझवले. मागचं दार उघडलं आणि गाणं आलं. मला आवाज ओळखू आला, डोकं ओळखू आलं नाही. पांढरा झगा, लाल पट्टा, आणि मुकुटाच्या मेणबत्त्यांखाली ते — गवत. वाळकं गवत. मी हा धंदा करते गुन्नेल, मला लांबूनच कळलं की तिच्या एकेका केसात आता काही उरलेलं नाही. आणि मग कळलं की मुकुटाखाली ओला रुमाल नाही. खऱ्या मेणबत्त्या, आणि रुमाल नाही! माझ्या आईनं माझ्या बहिणीला ठेवला होता, तुझ्याही आईनं तुला ठेवलाच असेल, पोराटोरांना ठाऊक असतं की मेण गळतं. तू काढायला लावलास. का? तर रुमालानं केस झाकतात आणि पेपरातल्या फोटोत सोनेरी दिसत नाही. धडधाकट केसावर मेण पडलं तर काय करायचं? गार होऊ द्यायचं, तेल चोळायचं, कंगव्यानं अलगद सोडवायचं, संध्याकाळपर्यंत विसरायचं. पोकळ काडीवर पडलं तर ते आत मुरतं, चार-चार, सहा-सहा बटांचा एक खिळा होतो. मेण टाळूवर ओघळत होतं, आधीच भाजलेल्या टाळूवर, आणि लुसियाला डोकं हलवता येत नाही, हलवलं तर पेटेल. नाही हलवलं तिनं. शेवटच्या कडव्यापर्यंत एक सूर हलला नाही. माझ्या मागे कोणीतरी म्हणालं, यंदाची लुसिया किती शांत आहे बघ.

मी धावत मागच्या खोलीत पोचले तोवर तू मुकुट ओढून काढला होतास — आणि मुकुटाबरोबर — तुला माहीत आहे मुकुटाबरोबर काय आलं ते, मुकुट तुझ्याच हातात होता. उरलेले तू कापलेस. कशानं कापलेस? वेदीवरच्या फुलांचे देठ छाटायच्या कात्रीनं. तिथून माझं दुकान चौकापलीकडे, मी दारात उभी, आणि फुलांची कात्री. पण तेही मी कदाचित गिळलं असतं. खरंच सांगते. मग खाली हॉलमध्ये कॉफी होती. तू केशराचा पाव मोडत सगळ्यांसमोर म्हणालीस, ‘पोरीनं घरीच काहीतरी उपद्व्याप केला वाटतं. आई केस करणारी, आणि मुलीच्या डोक्याची ही दशा!’ एवढा हॉल भरलेला. कोणी मान वर केली नाही, सगळे कॉफी ढवळत बसले. त्या हिवाळ्यात माझ्या या खुर्चीवर धूळ बसली. आणि तिंद्रा गप्प. तुला शब्द दिला होता ना आईला सांगणार नाही म्हणून — उन्हाळा उजाडेपर्यंत पाळला तिनं तो, तुझा शब्द. आता दूर उमेओ शहरात राहते. डोकं भादरून ठेवते, केस बोटभर वाढले की परत मशीन फिरवते. गात नाही. डिसेंबरात घरी येत नाही, जानेवारीत येते, सगळीकडच्या मेणबत्त्या खाली उतरल्या की.

बस. बस खाली! कुठे निघालीस डोक्यावर रंग घेऊन? ब्लीच? ब्लीच लावते असं कोण म्हणालं? मी म्हणाले गाजर घालवते. तपकिरी आहे तो. साधा, सौम्य, तपकिरी रंग, अर्धाअधिक चढलाय. आता उठून घरी जाऊन धुतलास तर इथे तपकिरी, तिथे गाजर, मध्ये पिवळं, उद्या गाईसारखी ठिपक्यांची उभी राहशील पायऱ्यांवर, लुसियाच्या डोक्यावर ठेवायचा मुकुट हातात घेऊन. नाही ना? मग बस. शहाणी.

आणि अन्याय काही केला नाही हं तुझ्यावर. तुझ्या या डोक्याला आणखी एकदा ब्लीच लावलं असतं ना, तर उद्या उशीवर अर्धं राहिलं असतं. वाटलं होतं मला. अगदी पावडर वाटीत घेतली होती, चमचा हातात होता. मग म्हटलं नको, केस उगवतात, आणि लोक हळहळतात, गरीब बिचारी गुन्नेल म्हणतात. ते नको मला. तुझ्या कानामागे, मानेच्या खळगीत, जिथे तुझं औषध पोचलं नाही, तिथे तुझा स्वतःचा रंग उभा आहे, त्याच्याशी ताडून कालवला मी हा. तपकिरी गं! पाइनची साल! अख्ख्या गावाला जन्मापासून सोनेरी म्हणून सांगत आलीस, तुझ्या लग्नात तुझ्या सासूनं सोनेरी केसांचं कौतुक केलं होतं, मी होते तिथे वाढायला. कधीपासून उडवतेस? बोल की. आई उडवायची? तू लहान असताना? — स्वयंपाकघरात स्टुलावर बसवून. — रडायचीस? — हं. मला वाईट वाटलं. नाही, खोटं कशाला बोलू, नाही वाटलं. तुला ठाऊक होतं जळतं कसं. ठाऊक असून लावलंस.

माफी नको. ती पुड्यात बांधून उमेओला पाठवू? तिंद्रा तर म्हणते, आई, सोड आता तिला. ती सोडेल, तिचं मन मोठं आहे. माझं नाही. कर ना तक्रार, जरूर कर, चौकात उभी राहून सांग सगळ्यांना, मारितानं माझ्या डोक्याला माझाच रंग लावला.

चल, बेसिनवर ये. पाणी गार आहे, हो, गारच हवं, उभे राहिलेले खवले त्यानं मिटतात. आता थोडं मलम टोकांना, थांब, नीट मुरू दे. काम मी चोख करते, तुझ्या केसांनी माझं काही वाईट केलेलं नाही. टॉवेलनं चोळू नकोस, नुसता दाब. विंचरायचं मोठ्या दातांच्या कंगव्यानं, आधी टोकं, मग वर. ड्रायर? वेडी झालीस का? असल्या केसांवर गरम हवा म्हणजे उरलासुरला गरही गेला. नाही, मी लावणार नाही, कोणीच लावू नये. टोपी? अगं पांढरी लोकर आहे ती, रंग लागेल, आणि ओले केस टोपीत कोंबलेस तर मुळाशी तुटतील, आत्ताच बघितलंस ना कसे तुटतात ते. स्कार्फही नाही. मोकळ्या डोक्यानं जायचं. थंडी कसली यंदा, बाहेर नुसता चिखल आहे, गोठणार नाहीस. घर काय, चौक ओलांडला की आलं.

हो, खिडकीतून दिसतंय मला. तालीम सुरू झालीय. चर्चच्या पायऱ्यांवर पोरी उभ्या आहेत, त्यांच्या आया आहेत, बेंग्ट आहे, पेपरवालाही आलाय. आता आरसा कशाला मागतेस? ते सगळे आहेत की बघायला. ऊठ. कोट घे. हाका मारतायत बघ, गुन्नेल कुठे गेली म्हणून. जा.