कोमातली आजी

अतिदक्षता विभागाबाहेर बसलेल्या माणसाच्या चष्म्याची काडी चिकटपट्टीने जोडलेली होती. शेजारी त्याची थोरली बहीण होती. समोरच्या बाकावरच्या बाईला दोघांचं बोलणं ऐकू येत होतं.

"आईचा मेंदू केव्हाच थांबलाय. मालिकेसारखं तिला ताणू नकोस."

"ताई, आमच्या मालिकेतली आजी वर्षभर कोमात होती."

"कशाला?"

"नटी भांडून गेली होती. परत येईल म्हणून मी आजीला मारलंच नाही. लेखक मी, निर्माता मी, अडवणार कोण?"

"मग आली?"

"छे. शेवटी दुसरी आणली. लोकांनी आठवड्यात तिलाच आजी मानलं."

"इथे दुसरी कुठून आणशील रे?"

नर्स दारात आली, तसा तो उठला.

"सिस्टर, डॉक्टरांना सांगा, यंत्र काढा. मी तिच्याजवळ बसतो."