धुक्याचा दिवस

दवाखान्याच्या बाकावर माझ्या शेजारी दोघी जावा नंबर यायची वाट बघत होत्या.

“ताई, त्या दिवशी बाजारात खरंच धुकं होतं का हो?”

“रेडिओवर तसंच सांगतात. धुक्यात माणसं घाबरली, पळापळ झाली, चेंगरून गेली.”

“आणि तो जवान? छपरावरून गर्दीवर गोळ्या झाडत होता तो?”

“हळू बोल गं. रेडिओवर जवान नाहीच. आमचे हेसुद्धा तिथं होते ना, तेही आता म्हणतात, धुक्यात काही दिसलं नाही.”

“मलाही हल्ली स्वप्नात धुकंच दिसतं. पांढरं, मऊ. त्यात सगळी माणसं सावकाश चालत असतात, कुणी पडत नाही. आमचे हेही असतात. बरं वाटतं बघा.”

“मग राहू दे की तसंच.”

“राहू दिलं असतं. पण त्या सकाळी यांचा शर्ट मीच वाळत घातला होता. दोरीवरून काढून तोच अंगात घातला आणि बाजाराला निघाले. जाताना म्हणाले, उन्हानं किती गरम झालाय बघ.”