बेनेदेत्तोच्या वहीतली चूक

मंडळी, एक विचारतो, मनातल्या मनात उत्तर द्या. देवानं दिलेली विद्या हातची राखून ठेवली, तर ती शेवटी कुणाच्या कामाला येते? राखणाऱ्याच्या तरी येते का?

ऐका तर! समुद्रापलीकडं इटली देश. चार-पाचशे वर्षांपूर्वीची म्हणून ही गोष्ट धरा. नदीकाठच्या एका गावात बेनेदेत्तो नावाचा कलावंत होता. चित्रं काढायचा, यंत्रं बनवायचा — आणि सुचेल ते वहीत काढून ठेवायचा. पण स्वभाव भारी संशयी! कुणी वही चोरली तर? म्हणून प्रत्येक यंत्राच्या चित्रात तो मुद्दाम एक चूक करून ठेवी. खरं माप फक्त त्याच्या डोक्यात! हसताय काय? लोणच्याची कृती सांगताना एक जिन्नस गाळणारे इथंच पुढं बसलेत — नावं घेत नाही!

बेनेदेत्तो म्हातारा झाला. हात थरथरू लागले, आठवण विरत चालली. त्यात नदी दरसाल बांध फोडू लागली. गावकरी आले, म्हणाले, पूर अडवायचा दरवाजा तुमच्या वहीत आहे, तो द्या, आम्ही बांधतो. नदीलगतच्या खालच्या आळीत त्याचीच लेक राहायची — जिनेव्रा. तीच वही उघडून त्याच्यासमोर बसली.

"बाबा, यात काही बदलायचंय का?"

त्यानं पान न्याहाळलं. चूक आहे, एवढं पक्कं ठाऊक. कुठं आहे — आठवेना! पण चार लोकांत कसं म्हणायचं, की माझंच मी विसरलो? लाज वाटली हो, लाज! म्हणाला, "आहे तसंच करा."

दरवाजा उभा राहिला. पूर आला. शेजारीपाजारी टेकडीकडं निघाले, जाताना जिनेव्राला हाका मारल्या. ती हललीच नाही. माझ्या बापानं काढलेला दरवाजा आहे, म्हणाली, मी कशाला घर सोडू? दुपारपर्यंत दरवाजानं पाणी धरलं — आणि मग आतली खुंटी मोडली. खालची आळी गेली. जिनेव्रा गेली.

पाणी ओसरल्यावर सुतारानं मोडकी खुंटी म्हाताऱ्याच्या हातात ठेवली. त्यानं ती चाचपली, बोटांनी जाडी पाहिली.

"हीच," तो म्हणाला. "हीच मी बारीक काढली होती."

काय करायचं त्या आठवणीचं आता?

मंडळी, त्याला नावं ठेवणं सोपं आहे. आपण काय राखून ठेवलंय? लेकीपासून, शिष्यापासून, पाठच्या भावापासून? आणि विसरलात, तर "विसरलो" म्हणायची तरी तयारी आहे? देवासमोर बसलाय, खोटं बोलू नका! आज घरी गेलात की सांगून टाका. विसरायचा दिवस निरोप धाडून येत नाही.