कमरेची चावी

उघडलंत तसं बंद करा दादा, त्या फिल्टरला काही झालेलं नाही — साहेबांना वाटतं बिघडलाय, कारण टाकी भरलेली ती भरलेलीच. पाणी गार येतंय ना? चवही चांगली आहे म्हणे. मग बायका पीत का नाहीत, असंच ना? आता तुम्ही दुरुस्तीवाले, तुम्हाला काय सांगायचं — शिलाईला बसल्या की बसल्या, पाण्यासाठी कोण उठणार? नाही हो, उठायला बंदी नाही. पाणी प्या, कोण नको म्हणतंय — साहेबांनी एवढा महागाचा फिल्टर उगीच बसवला का? पण प्यायलेलं पाणी पोटात थोडंच राहतं. संडासाची चावी माझ्याकडे असते, ही बघा, कमरेला. आत जाऊन गप्पा मारत बसतात म्हणून साहेबांनी कुलूप लावलं. मागितली की देते मी — म्हणजे जेवणाच्या सुट्टीत देते. मधेच एकीला दिली की लगेच दुसरी उभी, मग कपडे कोण शिवणार? आणि बोलणी कोण खाणार — मीच.

ती खिडकीपाशी वाकून बसलीय ना, ती माझी भाची. मीच लावली कामाला. ताईला म्हटलं, माझ्या नजरेखाली राहील, काळजी करू नकोस. आता तिला लघवीला जळजळ होते, अंगात कणकण असते. डॉक्टर म्हणाले, भरपूर पाणी प्या. त्यांचं सांगायला काय जातं? मघाशी आली होती चावी मागायला. सगळ्यांच्या देखत कशी देणार — मावशी भाचीचे लाड करते म्हणायला मोकळ्या. म्हटलं, थांब जरा. तशीच जाऊन बसली जागेवर. भांडली असती तर मला बरं वाटलं असतं. — मी? मला नको पाणी. अहो, नको म्हटलं ना, ठेवा तो पेला. चावी कमरेला आहे म्हणून मीच मधे उठले, तर यांना कुठल्या तोंडाने नाही म्हणू?

काय, तुम्हाला जायचंय? मग त्यात लाजायचं काय, घ्या ना, ही घ्या चावी, जिन्याच्या डावीकडे —

मशिनं का थांबली गं? काय झालं? काय बघताय सगळ्या माझ्याकडे?

…द्या दादा ती चावी परत. द्या म्हणते ना. — ऊठ गं बाळ. ऊठ, ही घे. साहेबांचं मी बघते. — अगं हो, तुम्हीपण, एकेक जणी. — आणि दादा, तुम्ही आपली हत्यारं आवरा, दुसरीकडे कुठे सोय होते का बघा. आज इथे तुमचा नंबर लागायचा नाही.