चार मुठी मीठ

सून — बघू का उघडून?

सासू — आत्ताच तर बघितलंस.

सून — त्याला नऊ मिनिटं झाली.

सासू — बघ मग. पण आधी झाकण पुसून घे. खारट पाणी आत गेलं तर सगळं ओतून द्यावं लागेल.

सून — पुसलं. ... पातळच आहे अजून. कडेला जरासं धरलंय, मध्ये नुसतं गुलाबी दूध.

सासू — स्ट्रॉबेरी नीट कुस्करली होतीस ना?

सून — त्याचा काय संबंध? पंचवीस मिनिटं झाली फिरवून. त्याला वीस मिनिटांत हँडल जड लागायचं.

सासू — त्याचे दंड होते, बाई. तुझे बघ, मापाला टेप पुरून उरेल.

सून — दंडाचा प्रश्न नाही आई, बर्फाचा आहे. नुसता वितळता बर्फ शून्याच्या खाली जात नाही. दुधात साखर आहे, ते शून्याला गोठत नाही. म्हणून बर्फात मीठ घालायचं. मीठ घातलं की बर्फ शून्याच्या खाली गार होतो.

सासू — मग घातलंयस की.

सून — त्याने लिहिलंय तेवढंच. हे बघा ना, झाकणाच्या आतल्या बाजूला. ‘बर्फ तीन किलो, मीठ चार मुठी.’ मी चार मुठी घातल्या. वजनही केलं. दोनशे चाळीस ग्रॅम.

सासू — कुणाच्या मुठी?

सून — म्हणजे?

सासू — मूठ कुणाची मोजलीस?

सून — माझी.

सासू — तुझ्या हाताला मी बांगड्या भरल्यात. लहान मुलीचं माप लागतं तुला. आणि त्याचा पंजा मनगटापासून मधल्या बोटापर्यंत पावणेआठ इंच. शाळेत असतानाच माझ्या पोराला बाह्या पुरायच्या नाहीत. पाण्याच्या तपासणीत आठ वर्षं काढलीस, आणि मूठ कुणाची ते विचारलं नाहीस?

सून — विचारणार कुणाला?

सासू — झाकण लाव ते.

सून — सॉरी. तसं म्हणायचं नव्हतं.

सासू — जे आहे ते आहे. आइस्क्रीमचा पॉट धरलाय मी गुडघ्यात, तू फिरव. थांबलीस तर धरलंय तेवढंही सुटेल.

सून — फिरवून उपयोग नाही. आधी मीठ वाढवायला हवं. प्रश्न एवढाच की किती. अंदाजाने ओतलं तर कडेला दगड होईल आणि आत पातळ.

सासू — माझ्या दीड मुठीएवढी त्याची एक धर.

सून — दीड की पावणेदोन?

सासू — बाई, मी चाळीस वर्षं ब्लाउज शिवले. मुठी नाही मोजल्या कुणाच्या.

सून — त्याचा गाडीवरचा हातमोजा असता तर... कातडी होता तो. हात घालून मूठ भरली असती, साधारण तेवढीच आली असती. थांबा, कपाटात बघते.

सासू — कपाटात नाहीये.

सून — वरच्या कप्प्यात असेल मग.

सासू — तुझ्या बॅगेत आहे. पलंगाखालच्या. डाव्या बाजूला, राखाडी स्वेटरच्या घडीत. जा, घेऊन ये. बर्फ विरघळतोय.

सून — आई, तुम्ही बॅग उघडलीत?

सासू — झाडायला ओढली तर चेन उघडीच होती. अर्ध्यात अडकलेली. मी चेनला नवीन धावकी बसवली. आता ओढून बघ, कशी लोण्यासारखी चालते.

सून — कधी?

सासू — मंगळवारी.

सून — आज रविवार आहे.

सासू — मला वार कळतात.

सून — पाच दिवस तुम्ही काहीच बोलला नाहीत.

सासू — तू तर त्याच्याही आधीपासून मिठाची गुळणी धरून बसलीयस. मी म्हटलं, बघू कुणाची आधी सुटते. जा आता, आण.

(सून आतल्या खोलीत जाऊन येते. हातात एक काळा कातडी हातमोजा. तो घालून ती मिठाच्या डब्यात हात घालते.)

सून — सैल आहे. बोटांची टोकं रिकामी राहतायत.

सासू — दुसऱ्या हाताने दाब ती. हं. आता वळ मूठ. तो असाच वरपर्यंत भरायचा, निम्मं जमिनीवर सांडायचा आणि मग मी केर काढत बसायचे.

सून — सांडलेलं धरायचं नाही. काटा पुढे करा. ... एकशे दहा.

सासू — म्हणजे?

सून — त्याची एक मूठ एकशे दहा ग्रॅम. चार मुठी चारशे चाळीस. मी निम्म्याहून जरासंच जास्त घातलं होतं. अजून दोनशे घालायचं.

सासू — वजनकाट्यावर बसवलंस शेवटी त्याला.

सून — ओतू?

सासू — ओत. हातमोजा काढून ठेव आधी, मीठ कातडं खातं. एकच आणलास? जोड कुठाय?

सून — एकच सापडला मला. दुसरा हरवला असेल.

सासू — हरवला नाही.

सून — तुमच्याकडे आहे?

सासू — फिरव, फिरव.

सून — आई, मी सांगणार होते. आजच. हे झालं की खाता खाता सांगायचं ठरवलं होतं.

सासू — म्हणून सकाळी स्ट्रॉबेरी आणलीस होय. मी म्हटलं, सात महिने जिला भाजीत मीठ नाही तेसुद्धा कळलं नाही, तिला आज आइस्क्रीम कुठून आठवलं.

सून — एरवीही मोसमात एकदा करायचोच की आपण.

सासू — तो करायचा. आपण नुसत्या वाट्या घेऊन बसायचो. कुठे निघालीस?

सून — नोकरी मिळालीय. गाडीने नऊ तास लांब. तिथेही पाण्याचीच प्रयोगशाळा आहे. बुधवारी निघायचं, गुरुवारी हजर व्हायचं.

सासू — इथली काय वाईट होती?

सून — वाईट काही नाही. मी आत गेले की सगळे आवाज खाली आणतात. कुणी हसत असेल तर हसणं गिळतं. चहासुद्धा मला आधी देतात. मला असं झालंय की मी माणूस नाही, एक बातमी आहे. रोज सकाळी साडेनऊला येणारी.

सासू — हं.

सून — तिथे कुणाला काही माहीत नाही. ते माझ्याशी भांडतील तरी.

सासू — भांडायला मी होते की घरात.

सून — कुठे भांडलात तुम्ही? सात महिन्यांत एकदा नाही. आधी कणीक सैल झाली तरी दोन दिवस ऐकवायचात. आता कच्ची पोळी वाढली तरी गप खाता.

सासू — कच्ची होती?

सून — परवाची. मधोमध.

सासू — कळलं नाही गं मला.

सून — मलापण तिसऱ्या घासाला कळलं.

सासू — ... अगं, तो हात काढ आधी!

सून — काय झालं?

सासू — डावा हात बर्फात खुपसून बसलीयस कधीची. लाल बघ कसा झालाय. मीठ आहे त्यात, कातडी सोलून निघेल. काढ! दे इकडे, माझ्या काखेत धर.

सून — राहू द्या आई, पदर ओला होतोय.

सासू — होऊ दे. बोटं हलव. दुखतंय?

सून — नाही.

सासू — दुखायला हवं.

सून — हो, हवं. मीठ खाली जावं म्हणून बर्फ दाबत होते. गार लागतंय हे लक्षातच आलं नाही.

सासू — त्या रात्री दवाखान्यातून फोन आला ना, तेव्हा मी शिवत होते. बाहीला पायपिंग लावत होते. फोन ठेवला आणि आधी ती बाही पूर्ण केली. दोन्ही बाजूंनी. मग तुला उठवलं. तुला सांगितलं नव्हतं कधी.

सून — मला माहीत आहे. मशीनचा आवाज येत होता. मी जागीच होते, फोन ऐकला होता. म्हटलं, मशीन चालू आहे तोपर्यंत काही झालेलं नाही.

सासू — बोटं हलवत राहा.

सून — आता मुंग्या येतायत हाताला.

सासू — येऊ देत. बरं लक्षण आहे ते. उजव्याने फिरव.

सून — जड लागतंय.

सासू — खरंच, की मला बरं वाटावं म्हणून?

सून — खरंच. दाबून धरा, पॉट सरकतोय. आई, गुडघे! नीट धरा!

सासू — धरलंय गं. हा पॉट असाच चालत सुटायचा दाराकडे. त्याचे बाबा फिरवायचे तेव्हा पोरगा वर गोणपाट टाकून त्यावर बसायचा. आणि बुडाला गार लागलं की बोंबलायचा. मग तो फिरवायला लागला आणि मी धरायला. मग तू आलीस.

सून — आता फिरतच नाही. अडकलं.

सासू — मग झालं. उघड. झाकण पूस आधी!

सून — पुसतेय हो, पुसतेय. ... आई, बघा.

सासू — धरलंय की. रंग फिका आलाय त्याच्यापेक्षा.

सून — तो बीट घालायचा थोडं. तुम्हाला सांगू नको म्हणाला होता.

सासू — लबाड. आणि मी आख्ख्या गल्लीत स्ट्रॉबेरीच्या रंगाचं कौतुक करत हिंडले. चमचा दे.

सून — कसंय?

सासू — गार आहे.

सून — आणखी?

सासू — आणखी काय ते तू सांग. तुझं शिक्षण झालंय.

सून — गोड आहे बहुतेक. जीभ गार पडली की गोडी कमी लागते. थोडा वेळ तोंडात धरायचं, मग कळते.

सासू — धरते मग.

सून — कळली?

सासू — थांब ना जरा. घाई काय आहे, बुधवारी जायचंय ना.

सून — तुम्ही नको म्हणालात तर मी नाही जाणार. खरंच सांगते. अजून कळवलं नाहीये त्यांना.

सासू — धावकी कशाला बसवली मग मी? नको म्हणायचं असतं तर चेन शिवून टाकली असती.

सून — इथे एकट्या काय कराल तुम्ही?

सासू — तेच, जे तू शेजारच्या खोलीत असताना करत होते. ऐक. पॉट तू घेऊन जा.

सून — मी काय करू त्याचं? एकटीला येत नाही ते. धरायला कुणीतरी लागतं.

सासू — बादली आणि डबा तू ने. हँडल निघतं, दोन स्क्रू आहेत. ते माझ्याकडे राहू दे.

सून — मग तुम्हालाही करता येणार नाही आणि मलाही नाही.

सासू — एकेकटीला नाहीच येणार. तिकडे स्ट्रॉबेरी कधी येते बाजारात?